शिवणताईंच्या परसातल्या गोगलगायी

बागसाहेब नोकरीतून निवृत्त झाले, पण साहेबपणातून काही निवृत्त झाले नाहीत. शहरातल्या मोठ्या उद्यानाचे ते एकतीस वर्षं अधीक्षक होते. त्यांचं खरं नाव आता पेन्शनच्या कागदांपुरतंच उरलं होतं. रस्त्यात, दुकानात, न्हाव्याकडे, सगळीकडे ते बागसाहेबच.

महिन्याच्या पहिल्या रविवारी सकाळी वाचनालयाच्या वरच्या खोलीत त्यांचं बागकामावर बोलणं असे. घडीच्या खुर्च्या मांडून चाळीसेक माणसं बसत. बागसाहेबांना माहिती भरपूर होती, पण लोक नुसत्या माहितीसाठी येत नसत. बागसाहेब हसवत. गुलाबाची छाटणी सांगता सांगता ते जावयावर घसरत, कुंडीतल्या मातीवरून सरकारी कचेरीवर. पहिल्या रांगेत घड्याळजी बसलेले असत. घड्याळं दुरुस्त करणारा हा माणूस हसायला लागला की त्याचं पोट, खुर्ची आणि मग सगळी खोली हलायची. त्या हशाची बागसाहेबांना चटक लागली होती. रोज दाढी करताना ते आरशासमोर तालीम करत. कुठे थांबायचं, कुठल्या शब्दावर भुवई वर न्यायची. बायको दाराबाहेरून ओरडायची, "अहो, आरशाला हसवून झालं असेल तर बाहेर या. आम्हालाही तोंडं आहेत धुवायला."

त्या वर्षी हवा फार दमट होती. भिंतींना ओल, कपाटांना वास आणि बागांमध्ये जिकडेतिकडे गोगलगायी. म्हणून त्या रविवारी विषय ठेवला होता 'बागेतले उपद्रवी पाहुणे'. मावा झाला, अळ्या झाल्या, वाळवी झाली. बागसाहेब रंगात आले होते. शेवटी त्यांनी विचारलं, "कुणाला काही शंका?"

शेवटच्या रांगेत एक हात अर्धवट वर गेला. तो शिवणताईंचा होता.

शिवणताई दोन गल्ल्या पलीकडे राहत. पुढच्या खोलीत शिवणकामाचं दुकान, मागे घर, त्याच्या मागे चार वाफ्यांचं परस. वय पन्नाशीच्या आसपास. लग्न केलं नव्हतं, आई होती ती दोन वर्षांपूर्वी गेली. आता घरात त्या आणि बटण नावाचा कुत्रा. पिल्लू असताना त्याने गिऱ्हाइकाच्या कोटाचं मोठं बटण गिळलं होतं आणि दोन दिवसांनी ते जसंच्या तसं परत केलं होतं, म्हणून हे नाव. शिवणताई प्रत्येक रविवारी यायच्या, मापांच्या वहीच्या मागच्या पानांवर बागसाहेबांचा शब्द न् शब्द उतरवून घ्यायच्या, आणि खुर्ची घडी करून भिंतीला लावून जायच्या. आजवर त्यांनी एकही प्रश्न विचारला नव्हता.

"साहेब," त्या उभ्या राहून म्हणाल्या, "माझ्या परसात गोगलगायी फार झाल्यात. शंखवाल्या आहेत, बिनशंखाच्या शेंबड्या पण आहेत. आमचा बटण त्या खातो. म्हणजे शोधून शोधून खातो. चालेल ना? की त्याला आवरू?"

बागसाहेबांची भुवई वर गेली. "ताई, लोक चांगला माळी शोधून थकतात. तुमच्याकडे तर फुकटचा मुकादम आहे, आणि जेवणसुद्धा कामाच्या जागेवरच उरकतो! त्याला आवरू नका. त्याला बढती द्या!"

घड्याळजी फुटले. त्यांच्या मागोमाग खोली फुटली. कुणीतरी टाळ्या वाजवल्या. शिवणताईसुद्धा लाजून हसल्या, खाली बसल्या आणि वहीत काहीतरी लिहू लागल्या.

आणि नेमकं तेव्हा, हसू चाललेलं असतानाच, बागसाहेबांना पाटी आठवली.

उद्यानाच्या मागच्या फाटकाशी, जिथून लोक कुत्री घेऊन आत येत, तिथे एक पाटी होती. 'कुत्र्यांना गोगलगायी खाऊ देऊ नका. त्यांच्यातून कुत्र्यांच्या फुप्फुसात जंत होतात.' एका वर्षी उद्यानात फिरायला येणारी दोन कुत्री लागोपाठ मेली, तेव्हा प्राण्यांच्या दवाखान्याने पत्र पाठवलं होतं आणि त्यावरून पाटीचा मजकूर खुद्द बागसाहेबांनी लिहिला होता. खाली हुद्दाही त्यांचाच होता. निवृत्त होईपर्यंत ते रोज त्या पाटीवरून आत जात.

त्यांनी बोलायला तोंड उघडलं. पण हसू अजून ओसरलं नव्हतं. घड्याळजी डोळे पुसत शेजाऱ्याला म्हणत होते, "बढती द्या म्हणे!" अशा वेळी "थांबा, मी चुकलो" म्हणायचं म्हणजे भरल्या ताटात पाणी ओतायचं. बागसाहेबांनी तोंड मिटलं. मग म्हणाले, "पुढचा प्रश्न?"

चहाच्या वेळी ताईंना बाजूला घेऊन सांगू, असं त्यांनी मनाशी ठरवलं. पण चहाच्या वेळी चौघांनी त्यांना घेरलं, आणि ते मोकळे झाले तेव्हा शेवटच्या रांगेतली एक खुर्ची घडी होऊन भिंतीला लागली होती.

घरी आल्यावर त्यांनी बायकोला मुकादमाचा किस्सा सांगितला. ती हसली नाही. भाजी निवडत म्हणाली, "आणि खरंच काही होत नाही का हो कुत्र्याला, गोगलगायी खाल्ल्या तर?"

"कुत्री काय वाटेल ते खातात," बागसाहेब म्हणाले. "त्यांना लाकूड पचतं, दगड पचतो."

हे काही उत्तर नव्हतं. बायकोच्या ते लक्षात आलं की नाही कळलं नाही. तिने देठं टोपलीत टाकली आणि विषय तिथेच संपला.

शिवणताईंचं दुकान बागसाहेबांच्या दारापासून सात मिनिटांवर होतं. जाऊन एवढंच सांगायचं होतं, "ताई, त्या दिवशी गंमत केली, कुत्र्याला गोगलगायी खाऊ देऊ नका." जीभ उचलून टाळ्याला लावायची, बाकी काही नाही. पण त्या सात मिनिटांत रोज काहीतरी आडवं येई. आज पाऊस आहे. आज गुडघा दुखतो. उद्या तसंही तिकडे काम आहे. खरी गोष्ट निराळीच होती आणि ती बागसाहेबांना पक्की ठाऊक होती. किस्सा गावभर झाला होता. घड्याळजी येताजाता शिवणताईंच्या दारात डोकावून विचारत, "काय म्हणतायत मुकादम? रजेवर नाहीत ना?" दूधवाल्याने बागसाहेबांना तो किस्सा ऐकवला, तोही त्यांनीच सांगितलेला आहे हे माहीत नसताना. आता जाऊन चूक कबूल करायची म्हणजे ही सगळी मजा आपल्याच हाताने बुडवायची. मग ते स्वतःची समजूत घालत: प्रत्येक गोगलगायीत थोडेच जंत असतात? आणि कुत्रा तर आधीपासूनच खात होता. आपण काय त्याला शिकवलं?

पुढच्या महिन्याच्या रविवारी शिवणताई नेहमीच्या जागी होत्या. नजरानजर झाली तेव्हा हसल्या. एका जाहीर थट्टेमुळे आपली आणि साहेबांची थोडी ओळख वाढली, असं त्यांना वाटत असावं. बागसाहेब त्या दिवशी कलमांवर बोलले. गोगलगायींचं नाव काढलं नाही.

त्यानंतर दोनएक आठवड्यांनी बायको बाहेरून आली आणि पिशवी ठेवता ठेवता म्हणाली, "शिवणताईंकडे दिलेल्या तुमच्या कोटाचं अस्तर झालंय म्हणे, पण मी आणलं नाही. हातात ओझं होतं. तुम्हीच जा उद्या. आणि हो, त्यांच्या कुत्र्याला बघा. बिचारा खोकतोय नुसता."

बागसाहेबांनी वर्तमानपत्र खाली घेतलं नाही. पण त्यानंतरची एकही ओळ त्यांनी वाचली नाही.

दुसऱ्या दिवशी मात्र ते गेले. रस्त्याने वाक्य घोकत गेले. "ताई, एक गोष्ट सांगायची राहून गेली." साधं, सरळ.

दुकानात शिवणताई मशीनवर होत्या. खाली, पायांशी, जुन्या चादरीच्या घडीवर बटण पडला होता. काळा-तपकिरी, आखूड पायांचा, कान मोठे. एरवी गिऱ्हाईक आलं की तो उठून चपला हुंगायचा. आज त्याने मान वर केली, शेपूट एकदा जमिनीवर आपटली आणि खोकला. माणूस घशात काटा अडकल्यावर खोकतो तसा. खोकून झाल्यावर थोडा वेळ त्याच्या बरगड्या भात्यासारख्या हलत राहिल्या.

"या साहेब, बसा," शिवणताई उठल्या. "कोट तयार आहे. घालून बघा, खांद्यात थोडं सैल केलंय."

बागसाहेबांनी कोट घातला. शिवणताईंनी मागून शिवण सारखी केली. आरशात दोघेही दिसत होते आणि आरशाच्या खालच्या कोपऱ्यात बटण.

"याला काय झालं?" बागसाहेबांनी विचारलं.

"वय झालं असेल, दुसरं काय. नऊ वर्षांचा आहे. आधी थोडं थोडं खोकायचा. आता जिना चढत नाही, कोपऱ्यापर्यंत गेलो की मधेच बसतो. डॉक्टरीणबाई गावाला गेल्या होत्या. त्यांच्या जागी आलेल्यांनी खोकल्याचं औषध दिलंय." मग त्या हसून म्हणाल्या, "पण परसात मात्र तुमची कृपा हो! एक पान कुरतडलेलं नाही. याला आता वाकून शोधायला दम लागतो ना, म्हणून सकाळी मीच वेचते आणि ताटलीत घालून देते. आवडीने खातो. बाकी जेवणाकडे बघत नाही, पण तेवढं खातो. म्हटलं, चला, पोटात काहीतरी जातंय."

घोकलेलं वाक्य ओठांशी होतं. पण वाक्य आता बदललं होतं. आधी ते 'सांगायचं राहून गेलं' असं होतं. आता ते 'तुम्ही रोज स्वतःच्या हाताने याला जे खाऊ घालताय ते माझ्यामुळे' असं झालं होतं. ते म्हणण्याइतका धीर त्यांनी सोबत आणला नव्हता. आणलेला धीर सात आठवड्यांपूर्वीच्या मापाचा होता.

"हवाच वाईट आहे," ते म्हणाले.

"हो ना."

"डॉक्टरांना परत दाखवा. आल्या असतील तर लगेच दाखवा." आणि मग एकदम, "आणि ते... ते ताटलीतलं देऊ नका आता. आजारी आहे, हलकं काही द्या."

"बरं," शिवणताई म्हणाल्या, आणि मापांची वही ओढून त्यांनी तेही लिहून घेतलं.

बागसाहेब कोट हातावर टाकून बाहेर पडले. कोपऱ्यापर्यंत त्यांनी स्वतःला सांगितलं, की झालं, सांगितलं आपण. कोपऱ्याच्या पुढे ते समाधान टिकलं नाही. का देऊ नका, हे आपण सांगितलं नाही. डॉक्टरला जे कळायला हवं तेच आपण गिळून आलो. उद्या ती बाई डॉक्टरकडे जाईल आणि म्हणेल, म्हातारा झालाय, खोकतोय. गोगलगायींचं नाव तिच्या तोंडून कशाला निघेल? तिला कुठे माहीत आहे? तरीही ते मागे फिरले नाहीत. ते घरी गेले आणि कोट कपाटात अगदी मागे टांगला.

दोन दिवसांनी सकाळी, अकराच्या सुमाराला, बायको चपला न काढताच आत आली. "शिवणताईंचं दुकान बंद आहे. कुत्र्याच्या नाकातून रक्त येतंय म्हणे, थांबतच नाहीये. शेजारणीने सांगितलं, आत्ताच दवाखान्यात नेलाय, चादरीत गुंडाळून."

बागसाहेब खुर्चीतून उठले आणि परत बसले. बायकोने त्यांच्याकडे पाहिलं. चौतीस वर्षांचा संसार. नवऱ्याचा रंग कशाने उडतो हे तिला समजत होतं.

"काय केलंत?" ती म्हणाली.

मग त्यांनी सांगितलं. पाटीपासून कोटापर्यंत, मधलं काही न वगळता. सांगताना त्यांना दिसलं की बायको मधे एकदाही बोलत नाहीये, आणि ते तिच्या ओरडण्यापेक्षा वाईट होतं.

"मी विचारलं होतं तुम्हाला," शेवटी ती म्हणाली. "त्याच दिवशी विचारलं होतं. तेव्हा म्हणालात, दगड पचतो. गोगलगाय नि पोटात पाय म्हणतात ते तुम्हालाच. एवढ्या वर्षांत मला दिसले नाहीत हो ते पाय."

बागसाहेब खाली बघत राहिले.

"बसलात काय? चपला घाला."

"मी तिथे जाऊन काय..."

"डॉक्टरला सांगा, दुसरं काय! ती बाई अंधारात चाचपडत असेल. तुमच्या अब्रूचं नंतर बघू. आधी चपला."

दवाखान्याच्या बाहेरच्या खोलीत तीन-चार माणसं आपापली जनावरं घेऊन बसली होती. कुणाच्या मांडीवर मांजर, कुणाच्या पायाशी पट्टा ताणणारं पिल्लू. शिवणताई आतल्या दाराशी उभ्या होत्या. त्यांच्या अंगावर दुकानातला एप्रन तसाच होता, त्यात टाचण्या खोचलेल्या होत्या आणि पोटाशी रक्ताचा मोठा ओला डाग होता. आतल्या टेबलावर बटण एका कुशीवर पडला होता. डॉक्टरीणबाई त्याच्या नाकाशी कापूस धरून उभ्या होत्या.

"म्हणजे उंदराचं औषध वगैरे काही घरात नाही?" त्या विचारत होत्या. "नीट आठवा. परसात, शेजारी, कुठेच नाही?"

"नाही हो, काहीच नाही," शिवणताई म्हणाल्या. त्यांचा आवाज बसला होता. "मी तर औषधं मारतच नाही कधी."

"डॉक्टर," बागसाहेब दारातून म्हणाले. "त्याने गोगलगायी खाल्ल्यात."

दोघींनी वळून पाहिलं.

"सात-आठ आठवडे. रोज. शंखाच्या आणि शेंबड्या, दोन्ही. फुप्फुसात जंत झाले असतील. उद्यानात दोन कुत्री अशीच गेली होती, तेव्हा तुमच्याच दवाखान्याचं पत्र आलं होतं."

डॉक्टरीणबाई हाताखालच्या बाईला म्हणाल्या, "शी तपासायला घे, आत्ताच. रक्त पण घे. आणि मी सांगते ते इंजेक्शन काढ, रिपोर्टची वाट बघायची नाही." आणि बागसाहेबांकडे न बघताच त्यांनी विचारलं, "खोकला सुरू होऊन दोन आठवडे झाले म्हणतात या. हे आधी का नाही सांगितलं कुणी?"

बाहेरच्या खोलीत पिल्लूसुद्धा गप्प झालं होतं, असं बागसाहेबांना वाटलं. मांजरवाला माणूस त्यांच्या रविवारच्या बोलण्याला येणारा होता. बायको त्यांच्या मागे उभी होती, पण तिने काही केलं नाही. हे त्यांचं त्यांनाच म्हणायचं होतं.

"मला माहीत होतं," ते म्हणाले. "यांना माहीत नव्हतं. यांनी मला विचारलं होतं, आणि मी खाऊ द्या म्हणालो."

"बाहेर बसा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या आणि दार लोटलं.

बाकावर शिवणताई आणि बागसाहेब शेजारी बसले. मधे एका माणसाची जागा सोडून. बायको समोर बसली. बराच वेळ आतून फक्त भांड्यांचा आणि नळाचा आवाज येत होता.

"परवा दुकानात आलात," शिवणताई समोर बघत म्हणाल्या, "तेव्हा माहीत होतं तुम्हाला?"

"हो."

"आणि त्या रविवारी?"

इथे खोटं बोलायला वाव होता. नंतर आठवलं, असं म्हणता आलं असतं. निम्मं खरंही ठरलं असतं. बागसाहेबांना ती फट दिसली. समोरून बायको बघत होती, पण तिच्यामुळे नव्हे. शेजारच्या एप्रनवर टाचण्या होत्या, ओळीने खोचलेल्या, आणि त्यांतल्या दोनतीन रक्तात बुडल्या होत्या. त्यांच्याकडे बघत खोटं बोलता येईना.

"बोलून गेलो तेव्हा नव्हतं आठवलं. सगळे हसत होते तेव्हा आठवलं. तुम्ही लिहीत होतात."

"मग?"

"मग मी पुढचा प्रश्न घेतला."

शिवणताईंनी मान हलवली. रागावल्या नाहीत, रडल्या नाहीत. शिवणीचं माप चुकलं की नेमकं कुठे चुकलं ते सापडल्यावर माणूस मान हलवतो, तशी हलवली.

"तुम्ही जा आता, साहेब," त्या म्हणाल्या. "मी बसते."

बटण वाचला. तपासणीत जंत निघाले, ढिगाने. चार दिवस तो दवाखान्यात होता. पहिल्या दोन दिवसांत तो वाचेल असं डॉक्टरीणबाईंनी कबूल केलं नव्हतं. पाचव्या दिवशी शिवणताई त्याला उचलून घरी घेऊन गेल्या. पण फुप्फुसं पूर्वीसारखी व्हायची नाहीत, असं डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं. पळणं नाही, जिना नाही, कोपऱ्यापर्यंत फिरणं, तेही सावकाश. हे सगळं बागसाहेबांना बायकोकडून कळत होतं. ती रोज दुपारी शिवणताईंकडे डबा घेऊन जाई आणि आल्यावर, न विचारता, दोन वाक्यांत सांगे. त्याहून जास्त ती त्या दिवसांत त्यांच्याशी बोलली नाही.

मग पहिला रविवार आला. त्या सकाळी बागसाहेबांनी दाढी केली ती आरशाकडे शक्य तेवढं कमी बघत. हनुवटीला कापलं.

खोली भरलेली होती. शेवटच्या रांगेत, नेहमीच्या जागी, कुणी दुसरंच बसलं होतं. बागसाहेब उभे राहिले आणि म्हणाले, "दोन महिन्यांपूर्वी याच जागी मी एका कुत्र्याला बढती दिली होती."

घड्याळजी हसले. त्यांच्या मागोमाग खोली हसली. त्यांना वाटलं, नवा किस्सा सुरू झाला. बागसाहेबांनी हात वर केला, तर तोही विनोदाचाच भाग समजून लोक जास्त हसले. हाच तो आवाज होता, ज्याच्यासाठी ते महिनाभर तालीम करायचे. आता तो अंगावर गार पाण्यासारखा येत होता आणि त्याच्याखाली उभं राहण्यावाचून गत्यंतर नव्हतं. वीसेक वर्षं त्यांनी या माणसांना एकच गोष्ट शिकवली होती: मी बोललो की हसा. हसणाऱ्यांचा त्यात काय दोष?

ते थांबले. हसू आपोआप विरेपर्यंत थांबले. मधे कुणीतरी कुजबुजलं, मांजरवाला शेजाऱ्याच्या कानाशी काही बोलला, आणि मग रांगेरांगेने चेहरे उतरत गेले. शेवटी घड्याळजी एकटेच हसत राहिले आणि आपण एकटे आहोत हे कळल्यावर गप्प झाले.

"तो कुत्रा मरता मरता वाचला," बागसाहेब म्हणाले. "मी जे सांगितलं ते चूक होतं, आणि ते चूक आहे हे मला त्याच मिनिटाला कळलं होतं. तुम्ही हसत होतात म्हणून मी बोललो नाही. नंतर सात आठवडे बोललो नाही, त्याला तर तेही कारण नाही. आज जे सांगतो ते कृपा करून लिहून घ्या."

आणि त्यांनी सांगितलं. नुसतं सांगितलं, भुवई न उचलता. कुत्र्याला एकही गोगलगाय खाऊ द्यायची नाही. शेंबडी सोडाच, तिने ज्यावरून चिकट रेघ ओढली आहे ते भांडं, ते खेळणंसुद्धा कुत्र्याच्या तोंडी जाऊ द्यायचं नाही. म्हणून पाण्याचं भांडं संध्याकाळी आत घ्यायचं आणि सकाळी घासून मगच भरायचं. बागेला पाणी सकाळी घालायचं, संध्याकाळी नाही, कारण रात्रभर ओल राहिली की त्या निघतात. विटा, फळ्या, रिकाम्या कुंड्या उचलून बघायच्या. दिवसा त्या तिथे लपतात. हातमोजे घालून वेचायच्या. बाजारात गोगलगायी मारायच्या गोळ्या मिळतात, त्या कुत्रा असलेल्या घरात आणूच नका. कुत्री त्या चवीने खातात आणि त्यांचं विष कुत्र्यालाही मारतं. आणि कुत्रा खोकू लागला, दमू लागला, कुठून रक्त आलं, तर डॉक्टरला आधी हे सांगा की आमच्या बागेत गोगलगायी आहेत.

वीस मिनिटांत बोलणं संपलं. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. चहाच्या वेळी कुणी घेरलं नाही. घड्याळजी जिन्यात त्यांच्याजवळ थांबले, टोपी हातात फिरवत. "मी रोज विचारायचो हो त्यांना," ते म्हणाले. "दारात जाऊन विचारायचो, मुकादम काय म्हणतात." दोघे एकामागून एक जिना उतरले.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला बागसाहेब हातमोजे, चिमटा आणि झाकणाची बादली घेऊन शिवणताईंच्या दारात उभे राहिले. शिवणताईंनी दार उघडलं. केस अजून विंचरलेले नव्हते.

"काय काम आहे?"

"परसातल्या गोगलगायी वेचायच्या आहेत. तो आता बाहेर निघेल हळूहळू. त्याच्या आधी परस साफ हवं."

शिवणताईंनी बादलीकडे आणि चिमट्याकडे पाहिलं. नको म्हणणार, हे बागसाहेबांनी गृहीत धरलं होतं. त्या म्हणाल्या, "मागच्या दाराने या. इथून नको, कपडे मांडलेत."

तेव्हापासून ते रोज जाऊ लागले. फळ्या उलटायच्या, पानांच्या खालून बघायचं, भिंतीच्या बुडाशी बोटं घालायची. पहिल्या सकाळी बादलीत एकशे बारा निघाल्या. दहाव्या सकाळी चाळीस. शिवणताई चहा विचारत नसत. मागच्या दाराची कडी काढायच्या आणि मशीनवर जाऊन बसायच्या. बागसाहेब वाकलेले असताना आतून मशीनची टरटर ऐकू यायची आणि मधून मधून खोकला. तो खोकला आला की मशीन थांबायचं. खोकला थांबला की परत सुरू व्हायचं.

तिसऱ्या आठवड्यात एका सकाळी मशीन थांबलं आणि सुरू झालंच नाही. शिवणताई मागच्या दारात येऊन उभ्या राहिल्या.

"तुम्हाला वाटत असेल मी रागावले आहे," त्या म्हणाल्या.

बागसाहेब गुडघ्यांवर होते. तसेच राहिले.

"होते थोडी. पण मला त्रास होतो तो दुसऱ्याच गोष्टीचा. त्याला दम लागत होता, त्याला शोधता येत नव्हत्या. तेव्हा त्याच्या खाण्यातून त्या आपोआप सुटल्या असत्या. मी ताटली भरली. बोटांनी निवडून, त्याच्यासाठी बारीक बारीक वर ठेवून. रोज सकाळी डोळे उघडले की मला ती ताटली दिसते."

"ताई, ते माझ्यामुळे..."

"माहीत आहे कुणामुळे ते," त्या म्हणाल्या. "म्हणून काही ती दिसायची थांबत नाही."

बागसाहेबांना आजवर वाटत होतं, लाज ही आपली आहे. कितीही जड असली तरी आपली आपण वाहू. ती आपण दुसऱ्याच्याही घरात नेऊन ठेवली आहे, आणि तिथून ती आपल्याला उचलून आणता येणार नाही, हे त्यांना तेव्हा कळलं. बोलून त्या बाईला आपलं समाधान करायला लावणं हा आणखी एक गुन्हा झाला असता. त्यांनी पुढची फळी उलटली. खाली दोन होत्या. चिमट्याने उचलून बादलीत टाकल्या.

तेवढ्यात शिवणताईंच्या पायांमधून बटण बाहेर आला. आजारपणानंतर तो पहिल्यांदाच मागचा उंबरा उतरत होता. एकेक पाय खाली ठेवत, मधे श्वास घेत, तो वाफ्याच्या कडेने चालत आला आणि बागसाहेबांच्या समोर येऊन बसला. त्याने चेहरा वर केला. त्याच्या लेखी हा माणूस म्हणजे दुकानात येणारा, कोटाला वास असलेला एक ओळखीचा माणूस होता, एवढंच. शेपूट मातीवर आपटू लागली. मग तो पुढे झाला आणि बागसाहेबांच्या हाताकडे नाक नेऊ लागला.

बागसाहेबांनी हात झटकन मागे घेतला. मोज्यावर चिकट रेघा चमकत होत्या. बटण गोंधळला, तरी शेपूट हलतच होती. बागसाहेबांनी दोन्ही हात डोक्याच्या वर धरले. गुडघ्यांवर बसलेला, हात वर केलेला म्हातारा आणि त्याच्या पोटाशी डोकं घासणारा कुत्रा. त्यांचे डोळे भरून आले आणि ते पुसायलाही हात मोकळे नव्हते.

"बादली झाका आधी," दारातून शिवणताई म्हणाल्या. "मोजे काढा. नळ त्या कोपऱ्यात आहे, साबण खिडकीत. नीट धुवा, कोपरापर्यंत. आणि मग लावा त्याला हात."

बागसाहेबांनी बादलीचं झाकण दाबून बसवलं, मोजे काढले आणि ते नळाकडे गेले. बटण मागोमाग निघाला, सावकाश.